ओहोलियाव हे नाव कुणाचं?

यरुशलेमच्या भाजीबाजारामागच्या आमच्या गल्लीत मोशे किती आहेत हे मोशेलाच ठाऊक. "ए मोशे" म्हणून हाक मारली की पाच डोकी खिडकीबाहेर येतात, आणि सहावा संध्याकाळी भांडायला येतो, मला का नाही बोलावलं म्हणून. ओहोलियाव मात्र एकच. ताडपत्र्या आणि दुकानांवरची कापडी छतं शिवणारा ओहोलियाव बराशी, वय सदुसष्ट, पोट पुढे, चष्मा कपाळावर, आणि तोंडात सदैव दोऱ्याचं टोक. त्याला हाक मारली की दुसरं कुणी वळून बघायची सोयच नाही. सगळ्या देशात हे नाव बोटांवर मोजण्याइतक्यांचं असेल, आणि ते सगळे कुठे लपून बसलेत देव जाणे. ओहोलियावला त्यातला एकही आजवर भेटलेला नव्हता.

या नावानं त्याला आयुष्यभर छळलं. शाळेत पहिल्या दिवशी बाई म्हणाल्या, "बाळ, हे नाव तोरा ग्रंथात असतं, वर्गात नसतं." सैन्यात हवालदारानं दोनदा उच्चारून पाहिलं, तिसऱ्यांदा जीभ चावली आणि पुढची तीन वर्षं त्याला "तो तंबूवाला" म्हणूनच बोलावलं. लग्नात तर कहर झाला. पत्रिका छापणाऱ्याला वाटलं, गिऱ्हाइकाची काहीतरी चूक झाली असणार, म्हणून त्यानं आपल्या मनानं 'बेत्सालेल' छापलं. नवरीकडचे अर्धे पाहुणे दारातून परत गेले, "हे आपलं लग्न नव्हे" म्हणत. त्याची बायको नाझिमा अजून टोमणा मारते, "माझं लग्न खरं तर बेत्सालेलशी ठरलं होतं. शेवटच्या क्षणी तुम्ही आलात."

आणि बेत्सालेल हेच तर ओहोलियावचं दुखणं! मिसरमधून, म्हणजे इजिप्तमधून, सुटून आलेले आपले लोक रानात हिंडत होते तेव्हा देवासाठी तंबू उभारायचा ठरला. त्याचा मुख्य कारागीर बेत्सालेल, आणि त्याच्या जोडीला ओहोलियाव, विणकर आणि भरतकाम करणारा. एक यहूदाच्या बड्या घराण्याचा, दुसरा दानच्या वंशातला, तांड्यात सगळ्यांत मागे चालणारा. देवानं दोघांना एका कामावर एका पंगतीत बसवलं. "देवानं बसवलं," ओहोलियाव ताडपत्रीवर दाभण आपटून सांगायचा, "पण लोकांनी उठवलं! बेत्सालेलच्या नावाची कलाशाळा, घरोघरी बेत्सालेल. सोन्याची भांडी त्यानं घडवली, कबूल. पण वरती पडदे कुणी धरले होते? तुझा मामा?"

नुसती दोरी घ्यायला आलेल्या माणसालाही हे ऐकावं लागे, आणि त्याच्यामागून अर्थही. "ओहेल म्हणजे तंबू. आव म्हणजे बाप. बाप हाच माझा तंबू. आहे का असं नाव तुमच्यात?" नाही म्हटल्याशिवाय दोरी मिळत नसे.

हे नाव त्याला आजोबांकडून आलं. आजोबा कुर्दिस्तानच्या डोंगरात बकरीच्या केसांचे तंबू विणायचे. सगळं कुटुंब इथं आलं तेव्हा सरकारनं राहायला दिला तोही तंबूच. आजोबांनी म्हणे आधी त्याची शिवण तपासली आणि नाक मुरडलं. त्या तंबूत हा जन्मला. आठव्या दिवशी आजोबांनी त्याला मांडीवर घेतलं आणि स्वतःचं नाव स्वतःच्या देखत त्याला दिलं. आमच्या कुर्दी घरांत ही रीतच आहे: पहिला मुलगा बापाच्या बापाच्या नावाचा, दुसरा आईच्या बापाच्या. माणूस जिवंत असेल तर उत्तमच. आपलं नाव दुडूदुडू धावताना त्याला बघायला मिळतं.

ओहोलियावला मुलगा नाही. एकच मुलगी, होदाया. ती पडली प्रेमात, आणि पडली ती थेट बने ब्राक शहरातल्या, मूळ लिथुआनियाच्या घराण्यात; माशात साखर घालणारे लोक! पण जावई नफ्ताली गुणाचा निघाला. पहिला मुलगा झाला, त्याला नफ्तालीच्या वारलेल्या वडिलांचं नाव ठेवलं, झुंडेल. ओहोलियाव खुशीत होता. पहिला त्यांचाच असतो. मग दोन मुली झाल्या. गोड मुली, पण त्यांना ओहोलियाव कसं म्हणणार? तो वाट बघत राहिला. तोंडानं कधी बोलला नाही, पण होदाया चौथ्यांदा गरोदर आहे कळल्यापासून त्यानं दोरीबरोबर अर्थ सांगणं बंद केलं, नजर लागू नये म्हणून. गल्लीला तेवढ्यावरून सगळं कळलं.

सोमवारी मुलगा झाला. म्हणजे सुंता आणि नाव पुढच्या सोमवारी. तोवर नाव उच्चारायचं नाही, विचारायचं नाही, हा नियम शेंबड्या पोरालाही माहीत. ओहोलियावनंही तो अक्षरशः पाळला. उच्चारलं नाही, भरतकाम केलं. बाळाला ज्या उशीवर ठेवून सुंता करायची त्या पांढऱ्या उशीवर त्यानं निळ्या, जांभळ्या आणि लाल रेशमानं टपोऱ्या अक्षरांत काढलं: ओहोलियाव.

गुरुवारी ती उशी नाझिमाच्या हाती लागली.

"अहो, हे काय करून बसलात? आठव्या दिवसाआधी?"

"मी बोललो का काही?"

"मुलीला विचारलंत? जावयाला?"

"विचारणार कसं? नाव विचारायचं नसतं."

नाझिमानं कपाळावर हात मारला आणि उशी लपवायला म्हणून समोरच्या हबूबाकडे नेली. हबूबा ऑलिव्ह आणि लोणची विकते. तिच्या बरण्यांची झाकणं घट्ट असतात, तोंडाचं झाकण मात्र देवानं दिलेलंच नाही. शुक्रवारी दुपारी शब्बाथच्या सुट्टीसाठी दुकानं मिटायच्या आत बातमीला पाय फुटून ती बने ब्राकला पोचली, आणि संध्याकाळच्या दिव्यांआधी होदायाचा फोन आला.

"बाबा, मला तर हेच नाव हवं होतं. नफ्तालीलाही. पण सासूबाई म्हणतात, जिवंत माणसाचं नाव ठेवणार असाल तर मी सुंतेला पाऊल टाकणार नाही. आणि आई येणार नसेल तर नफ्तालीच्या तोंडून नाव निघायचं नाही. तुम्ही रागावू नका."

"मी कशाला रागावू?" ओहोलियाव म्हणाला, आणि फोन ठेवून इतका रागावला की शब्बाथच्या जेवणात नाझिमानं केलेले कुब्बे, आंबट रश्श्यातले खिमा भरलेले गोळे, त्यानं मोजून दोनच खाल्ले. एरवी दहाव्यानंतर मोजायचं सोडतो.

"सांगून टाक ना की नाव आवडलं नाही," तो पुटपुटत राहिला. "कुर्दी नाव म्हणून नाक मुरडतेय ती विहीण. या मुलाला दुसरं नाव मिळालं की संपलं. माझ्यानंतर या नावानं कोण वळून बघणार?"

"तुमच्या नातवाचं नाव दाविद ठेवलं तरी तो तुमचाच नातू," नाझिमा म्हणाली.

"दाविद! अकरा आहेत गल्लीत!"

रविवारी सकाळी दुकान उघडतो न उघडतो तोच विहीणबाई हजर. फ्रूमाबाई, सत्तरीच्या, काठीसारख्या ताठ, डोक्याला करडा रुमाल, हातात झाकणाचा डबा. पहिल्या बसनं आल्या होत्या. समोर हबूबानं बरणी पुसायला घेतली, आणि ती एकच बरणी ती पुढे तासभर पुसत होती.

"व्याही," फ्रूमाबाई बसायच्या आधीच म्हणाल्या, "तुम्हाला मरायची एवढी घाई का?"

ओहोलियावच्या तोंडातला दोरा पडला.

"नाही, मला सांगा. मृत्यूचा दूत यादी घेऊन येतो. यादीत असतं 'ओहोलियाव'. एका कुटुंबात दोन ओहोलियाव. एक म्हातारा, एक तान्हा. तो गोंधळला म्हणजे? बाळाला नेलं तर? किंवा बाळाला नव्वदाव्या वर्षी न्यायचं ते तुम्हालाच आत्ता उचललं तर?"

"विहीणबाई, माझ्या आजोबांनी मला नाव दिलं, त्यानंतर ते एकतीस वर्षं जगले. दूत आला तेव्हा बरोबर त्यांच्याच खाटेपाशी आला. मी तिथंच बसलो होतो, माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही."

"तुमचे दूत कुर्दी!" फ्रूमाबाई उसळल्या. "दोन गप्पा मारतील, चहा पितील, विचारतील, 'काय हो, कोणता ओहोलियाव?' आमचे दूत लिथुआनियाचे. नियमाप्रमाणे चालतात. कागदावर नाव दिसलं की उचलतात, दुसऱ्यांदा विचारत नाहीत."

"म्हणजे नाव वाईट नाही?"

"नाव वाईट कोण म्हणालं? माझा झुंडेल गेला त्याला बारा वर्षं झाली. या चार लेकरांना आजोबा म्हणून उरलाय तो एकच. पतंग करून देणारा, खिशात बदाम ठेवणारा, नको तेव्हा गाणारा. तोही मी नावापायी घालवू?" एवढं बोलून त्यांनी डबा ठणकन ताडपत्रीवर ठेवला. "हा मासा आहे. गोड आहे. खा."

ओहोलियावनं मुकाट्यानं खाल्ला. गल्लीत कुणाचाही विश्वास बसत नाही, पण हबूबानं पाहिलंय. दुसरा तुकडाही मागितला.

मग फ्रूमाबाईंनी नाव कुठून आलं ते विचारलं, आणि ओहोलियावला सहा महिने तुंबलेलं सगळं सांगता आलं. रान, तंबू, निळे-जांभळे पडदे, दानचा वंश, बेत्सालेलचा उद्धार, बाप हाच माझा तंबू. फ्रूमाबाई न हलता ऐकत होत्या.

"हा माणूस वारला कधी?" त्यांनी मध्येच विचारलं.

"कोण, ओहोलियाव? झाली की तीन हजारांवर वर्षं."

"नक्की?"

"त्यानंतर कुणाला दिसलेला नाही."

"मग झालं तर!" फ्रूमाबाईंनी मांडीवर थाप मारली. "मेलेल्या माणसाचं नाव ठेवायला आमची कधी ना होती? आणि माणूस पुण्यवान. बाळाचं नाव त्याच्यावरून ठेवायचं. दूत त्या पत्त्यावर एकदा जाऊन आलाय, परत जायचं कारण नाही. फक्त एक अट. तुमचा संबंध नाही."

"कशाशी?"

"नावाशी. बाळ त्याच्या नावाचं, तुमच्या नव्हे. कुणी अभिनंदन केलं तर सांगायचं, माझं काही नाही. चारचौघांत, मोठ्यानं. वरती ऐकू गेलं पाहिजे."

ओहोलियावनं माशाचा डबा बाजूला सारला. नऊ वर्षं वाट पाहून नाव पदरात पडत होतं, आणि मान मात्र त्या तीन हजार वर्षांपूर्वीच्या गृहस्थाला जात होता. आजोबांनी भर तंबूत छाती फुगवून म्हटलं होतं, हा माझ्या नावाचा. त्याला तेच म्हणायचं होतं. एकदाच. त्यानं हबूबाकडून परत आणलेली उशी मांडीवर घेतली, अक्षरांवरून अंगठा फिरवला. समोर हबूबाची बरणी पुसायची थांबली.

त्यानं चष्मा कपाळावरून खाली ओढला आणि सुईत निळा दोरा ओवला.

"पत्ता पूर्ण लिहितो," तो म्हणाला. "ओहोलियाव, अहिसामाखचा मुलगा, दानच्या वंशातला. म्हणजे घोळ नको. 'अहिसामाख' मोठ्या अक्षरांत की लहान?"

"मोठ्या," फ्रूमाबाई म्हणाल्या. "आमच्या दूतांचे डोळे अधू आहेत." आणि काम पुरं होईपर्यंत त्या शेजारी बसून टाके मोजत राहिल्या. दोन टाके उसवायला लावले.

सोमवारी अख्खी गल्ली त्यानंच शिवलेल्या छताखाली जमली. बाळाला मांडीवर घेण्याचा मान ओहोलियावचा. बाळ ओरडलं, बायका ओरडल्या, नफ्ताली पांढराफटक पडला आणि विधी करणाऱ्याच्या कानात कुजबुजला. तो गरजला, "आणि याचं नाव इस्राएलात ओहोलियाव, नफ्तालीचा मुलगा!"

गल्लीनं एकच गिल्ला केला. तेवढ्यात फ्रूमाबाई खुर्चीवर चढल्या. खरंच चढल्या, सत्तरीत.

"ऐका! हे नाव देवाच्या तंबूचे पडदे विणणाऱ्या ओहोलियाववरून ठेवलंय, दानच्या वंशातल्या! खाली बसलेल्या या गृहस्थांचा याच्याशी काडीमात्र संबंध नाही!" आणि छताच्या फटीतून आभाळाकडे बघून त्यांनी तेच पुन्हा एकदा सांगितलं, सावकाश, बहिऱ्याला सांगावं तसं.

मग जो तो ओहोलियावच्या पाठीवर थाप मारायला धावला.

"अभिनंदन, ओहोलियाव! तुझ्या नावाचा नातू!"

"माझं काही नाही," तो म्हणाला. "जुने गृहस्थ आहेत एक, त्यांचं आहे."

"नातेवाईक का?"

"ओळखतसुद्धा नाही." पण हसू मिशीत मावेना. फ्रूमाबाई लांबून डोळे वटारत होत्या आणि तो प्रत्येकाला शपथेवर सांगत होता, मला काय ठाऊक, मी आपला छत शिवायला आलो होतो.

जेवणं सुरू झाली. एका टेबलावर कुब्बे, दुसऱ्यावर गोड मासा, आणि हबूबा दोन्ही टेबलांवर. त्या गोंगाटात आतल्या खोलीतून होदायाची हाक आली, "ओहोलियाव! अरे ओहोलियाव, किती रडशील?"

सदुसष्ट वर्षांच्या सवयीनं तो ताडकन उठला. हातातला कुब्बा रश्श्यात पडला. "आलो, आलो!" म्हणत तो दारापर्यंत गेलासुद्धा, आणि तिथं थबकला.

"बसा हो व्याही," मागून फ्रूमाबाई म्हणाल्या. "तुम्हाला नाही बोलावलं."

"नाही का?" ओहोलियाव म्हणाला. मग तो दाराला टेकून उभा राहिला, डोळे मिटून, हाक पुन्हा ऐकू येते का याची वाट बघत.