बारा ओळींचा झेंडू

"विमलताई, दुपारपर्यंत हात लावणार नव्हत्या ना तुम्ही?" मी बांधावरूनच ओरडलो.

सकाळी सातला आमचं युनिट अमरावतीजवळच्या विमलताईंच्या शेतावर पोचलं, तेव्हा अर्धा झेंडू तोडून झाला होता.

"व्यापाऱ्याची गाडी दहालेच येऊन राहिली," हात न थांबवता त्या म्हणाल्या. "दसरा काय तुमच्या शूटिंगसाठी थांबते, भाऊ?"

सिनेमाचा शेवटचा सीन होता. नायिका फुललेल्या शेतातून घराकडे जाते. शूटिंगचाही शेवटचाच दिवस; हिरोईन संध्याकाळच्या गाडीने मुंबईला जाणार. दिग्दर्शक मृणाल अकोल्याची. पहिलाच सिनेमा, मित्रमंडळींच्या जोरावर उभा केलेला. ती मटकन बांधावर बसली.

"संपलं, सर."

मी वीसेक वर्षं कॅमेरा करतोय. लग्नं, माहितीपट, मेळघाटातलं जंगल, छोटे सिनेमे, मिळेल ते. पन्नास माणसांत मंडप भरलेला दाखवायचा तर लाँग लेन्स लावायची, हे लग्नांत शिकलो. ती लांबचं जवळ ओढते आणि मधलं अंतर खाऊन टाकते. माणसं खेटून बसल्यासारखी दिसतात. मग फुलं का नाही दिसणार?

"ताई, विहिरीकडच्या बारा ओळी शेवटी तोडा. बाकीचं चालू द्या."

"बाराच? तेवढ्यात काय होते?"

"होते."

मी सरीत पोटावर झोपलो. कॅमेरा फुलांच्या उंचीला आला आणि फ्रेम काठोकाठ पिवळी झाली. मॉनिटर पाहून मृणाल हसली, त्या दिवसात पहिल्यांदा.

पण हिरोईन दर चार पावलांना अडखळे. तीन टेक वाया गेले. विमलताईंना राहवेना.

"पोरी, सडकेवर चालल्यावानी काय चालून राहिली? झाडं मोडतीन. हे पाय, अशी चाल."

त्यांनी पदर खोचला, अंग जरा तिरपं केलं आणि झाडं हाताने सारत सरीतून सरसर निघाल्या. हिरोईन दोनदा त्यांच्यामागून चालली. चौथा टेक ओके.

नऊ वाजले होते. मग अख्खं युनिट त्या बारा ओळी तोडायला लागलं. हिरोईनसुद्धा.

सिनेमा अमरावतीत दाखवला तेव्हा विमलताई आल्या होत्या. संपल्यावर मला गाठलं.

"भाऊ, अर्धं शेत तर म्या तोडलं होतं. हे कोनाचं दाखवलं?"

"तुमचंच."

"काहीही सांगता," म्हणाल्या. अजून त्यांना पटलेलं नाही.

आता शेतावर लोकेशन बघायला गेलो की ऊन कुठून येतं ते नंतर बघतो. आधी विचारतो, तोडणी कधी?