घाऱ्या डोळ्याचा गुण

साऱ्या बुऱ्हाणपुरात माझ्या मावशीच्या यजमानांइतका थापाड्या माणूस झाला नाही, आणि त्यांच्या थापेनं माझं जेवढं भलं केलं तेवढं कुणाच्या खरेपणानं केलं नाही. काकांचा उजवा डोळा काळाभोर, डावा चक्क घारा. आणि अशा माणसाचं सिंधीपुऱ्यात दुकान कशाचं, तर मॅचिंग ब्लाउजपीसचं! साडीचा पदर काउंटरवर आला की काका आधी एक डोळा मिटणार, मग दुसरा, आणि फळीवरून नेमका तोच रंग ओढणार. घाऱ्या डोळ्याला मोरपंखी जास्त कळतो, ही बायकांची समजूत त्यांनीच करून दिलेली. एकदा एक शिक्षिका तणतणत आल्या, घरी नेल्यावर रंग वेगळाच दिसतो म्हणून. काका शांतपणे म्हणाले, "मॅडम, तुम्ही दोन्ही डोळ्यांनी पाहिला असणार." बाई कापड परत न करता वर अस्तर घेऊन गेल्या.

डोळा असा का, हे विचारणाऱ्या प्रत्येकाला निराळं उत्तर मिळे. लहानपणी राजघाटावर बुडी मारताना एक डोळा उघडा राहिला आणि तापीनं रंग धुऊन नेला, हे नेहमीच्या गिऱ्हाइकांसाठी. घासाघीस करणाऱ्यांना ते सांगत, "देवाकडे कपडा कम पडला, मग त्यानं कटपीस लावला." मावशी म्हणे, "लग्नात मला म्हणाले होते, दुसराही होईल हळूहळू घारा. मी अजून वाट पाहतेय."

माझं सासर तापीपलीकडे जैनाबादला, केळीवाल्यांचं. मुलगी झाली तेव्हा तिचे दोन्ही डोळे राखाडी होते. काही महिन्यांत एक काळा झाला, दुसरा घारा. डॉक्टरांनी तपासून सांगितलं की बुबुळात रंग कमी-जास्त उतरला की असं होतं, नजर चांगली आहे, यात कुणाची चूक नाही. पण सासूबाईंनी निकाल आधीच लावून टाकला होता. "डॉक्टरले काय समजतं? इनं ग्रहन पाळलं नाही." मी ग्रहणात दिवसभर अंथरुणातून हललेही नव्हते. तरी येणारी-जाणारी प्रत्येक बाई माझ्याकडे तशाच नजरेनं पाहू लागली. घरात लग्न निघालं, तेव्हा पोरीला घेऊन माहेरीच राहा, असा निरोप सासूबाईंनी मला नवऱ्याकरवी दिला. मी रडत पिशवी भरत होते. पोरीला आयुष्यभर असंच लपवावं लागणार, हेच डोक्यात घोळत होतं.

त्याच दुपारी काका-मावशी आले. चहा होईस्तोवर काकांना सगळं कळलं. नव्या बाळाला मधाचं पहिलं बोट जो चाटवतो, त्याचा गुण बाळात उतरतो, असं आमच्याकडे मानतात. काका कप खाली ठेवून म्हणाले, "विहीणबाई, हिले कशाला बोलता? पहिलं बोट मी चाटवलं ना. गुण माझा उतरला. काय शिव्या द्यायच्या त्या मले द्या."

मी मावशीकडे पाहिलं. बाळंतपण माहेरी झालेलं, आणि पहिलं बोट मावशीनं चाटवलं होतं. काका त्या दिवशी माल घ्यायला सुरतेला गेलेले. मावशी खाली मान घालून चहा ढवळत राहिली. सासूबाईंनी काकांचा तो डोळा बराच वेळ निरखला, मग पोरीचा पाहिला आणि म्हणाल्या, "असं आहे काय. मंग पहिले सांगाले काय झालं होतं?" डॉक्टरांच्या शास्त्राला जे जमलं नाही, ते असं झालं. लग्नात सासूबाई पोरीला कडेवर घेऊन सगळ्यांना सांगत होत्या, व्याह्यांचा गुण घेतला हो हिनं.

काकांचे आभार मानायला मी कितीदा तरी गेले. प्रत्येक वेळी त्यांनी मला कुठल्या तरी पोपटी कापडाची तारीफ ऐकवून घरी पाठवलं.

आता काका दुकानात नुसते बसतात. बोलता बोलता विसरतात. परवा माझी लेक त्यांच्याशेजारी बसली होती. काका तिला सांगत होते, "तुले पहिलं बोट मी चाटवलं. एवढीशी होतीस, पण माझं बोट असं पकडलं होतंस की सोडेचना." त्यात थापेचा सूर नव्हता. त्यांना ते खरंच आठवत होतं. लेकीनं त्यांचं बोट हातात घेतलं आणि विचारलं, "हेच का आजोबा?" काकांनी ते नीट निरखून पाहिलं आणि म्हणाले, "हेच."

मावशी खाली मान घालून काउंटरवरच्या कापडाच्या घड्या घालत राहिली.