रिम्मा सावेल्येव्नांचा तुकडा

लेनिनग्राडच्या आमच्या स्टुडिओत चित्रीकरणाच्या पहिल्या दिवशी शकुन म्हणून बशी फोडतात आणि जो तो एकेक तुकडा जपून ठेवतो. संकलक रिम्मा सावेल्येव्नांची मात्र सगळी हयात आत टेबलापाशी फिल्म कापण्यात गेली. त्यांना तुकडा द्यायचं कुणाला सुचलंच नाही. निवृत्तीच्या वर्षी दिग्दर्शक ग्लेबनं बशी त्यांच्याच हातात दिली. त्या घुटमळल्या.

“माझे शॉट कापताना बरा हात चालतो तुमचा,” ग्लेब म्हणाला.

त्यांनी बशी अशी आपटली की आम्ही हसत हसत मागे सरलो. एक तुकडा त्यांनी एप्रनच्या खिशात टाकला. सगळ्यांत मोठा ग्लेबच्या हातावर ठेवत म्हणाल्या, “घे रे. तुझ्या शॉटसारखाच लांबलाय. कापून देऊ?”