पहिला ग्लास नाकोजींचा

आमच्या जावयाला त्याच्या धंद्यातले लोक नाकोजी म्हणायचे. नाक काही फार मोठं नाही, चारचौघांसारखंच आहे, जरा डावीकडे कललेलं. पण त्या नाकाला जे कळायचं ते बाकीच्यांच्या नाकाला कळत नसे. आधी तो पावाच्या बेकरीत होता. भट्टीचं दार न उघडता, नुसतं बाहेर उभं राहून सांगायचा, "डाव्या कोपऱ्यातले काढा, उजवीकडच्यांना अजून वेळ आहे." माझ्या लेकीशी ओळख झाली ती त्याच बेकरीच्या रांगेत. पाव हातात देताना हा म्हणाला, "साबण बदललात वाटतं." दुसरी एखादी असती तर तोच पाव फेकून मारला असता. आमची घरी आली ती हसतच. मी तेव्हाच ओळखलं की हिचं लग्न आता आपल्या हातात राहिलं नाही.

पुढे बेकरी बंद पडली आणि जावई ज्या कामाला लागला, ते मी लोकांना बरीच वर्षं "फिरतीची नोकरी" एवढंच सांगत होते. नोकरी फिरतीचीच होती म्हणा. शहरातल्या छोट्या छोट्या ब्रुअऱ्या लोकांना पायी फिरून दाखवायच्या. ब्रुअरी म्हणजे बिअर करायची जागा. मी मोठा कारखाना, धुराडं, भोंगा असं काहीबाही धरून बसले होते. तसं काही नसतं. पिठाच्या गिरणीएवढी खोली, आत उभ्या स्टीलच्या टाक्या, जमीन सदा ओली, आणि पुढच्या बाजूला चार बाकं. कोणी जुन्या गॅरेजात थाटलेली, कोणी बंद छापखान्यात. दहाबारा माणसं पैसे भरून येतात, जावई त्यांना गल्लीबोळांतून नेतो, बार्लीचे दाणे चावायला देतो, कोणती टाकी कशासाठी ते सांगतो, आणि प्रत्येक ठिकाणी घोट घोट चाखत मंडळी पुढे सरकतात.

त्या लोकांमध्ये एक रीत पडून गेली होती. नवी टाकी तयार झाली की तिची तोटी पहिल्यांदा उघडायची ती नाकोजींसमोर. पहिला ग्लास त्याचा. तो डोळे मिटून वास घ्यायचा, मग एक घोट, मग दोनचार शब्द बोलायचा. "भाजलेली बार्ली, शेवटी जरासं लिंबू." ते शब्द ब्रुअरीवाला खडूनं पाटीवर लिहून टाकायचा आणि टाकी संपेपर्यंत पुसायचा नाही. आणि जावयानं काही न बोलता ग्लास खाली ठेवला, तर समजून जायचं की टाकीत काही तरी बिनसलंय. मग ती बिअर बाहेर जायची नाही. ही रीत कुणी ठरवली नव्हती. पडत गेली आणि त्याच्या डोक्यावर येऊन बसली.

मागच्या हिवाळ्यात त्याला ताप आला. ताप उतरला आणि जाताना वास घेऊन गेला. हे त्यानं कुणालाच सांगितलं नाही. घरात आम्हाला कळायला हवं होतं, पण आमचं लक्ष भलतीकडेच. आधी जेवायला बसला की पहिला घास तोंडात जायच्या आत शेरा यायचा. लसूण करपलाय, तेल जुनं आहे, हे भांडं नीट धुतलेलं नाही. आता निमूट जेवायला लागला. आम्ही मायलेकी खूश. लेक म्हणाली, "आई, बघ, इतक्या वर्षांनी तुझा जावई सुधारला." मी म्हटलं, "दृष्ट नको लावूस."

मग एका दुपारी मी दूध गॅसवर ठेवलं आणि बाहेरच्या खोलीत खुर्चीत माझा डोळा लागला. जाग आली ती करपट वासानं. धावत स्वयंपाकघरात गेले तर धूर कोंडलेला, पातेलं काळं, आणि जावई गॅसपासून दोन हातांवर, पाठमोरा, स्टुलावर बसून बुटांना पॉलिश करतोय.

"अहो जावईबापू! दूध!"

तो वळला. पातेल्याकडे त्यानं पाहिलंच नाही, माझ्याकडे पाहिलं. चोरी पकडली गेलेल्या माणसाचं तोंड होतं ते.

मी गॅस बंद केला, खिडकी उघडली आणि त्याच्यासमोर बसले. "कधीपासून?"

"तापापासून."

"पोरीला ठाऊक आहे?"

"नाही. तिला सांगितलं की ती डॉक्टरकडे ओढत नेईल."

"मग जा की."

"जाऊन आलो. डॉक्टर म्हणाले, येईल परत, नाहीतर नाही येणार. एवढं तर मलाही कळत होतं."

मला हसू आलं, पण ते मी गिळलं. "आणि तो तुमचा पहिला ग्लास?"

तो बूट हातात फिरवत राहिला. मग हळूच सांगायला लागला. लोकांना घेऊन यायच्या आधी तो एकटा एक फेरी मारून यायचा. ब्रुअरीच्या मागच्या अंगणात रिकामी पोती टाकलेली असतात, कचऱ्याचा डबा असतो. पोतं काळपट भाजलेल्या बार्लीचं असलं की धुराचा वास सांगायचा. डब्यात फळांची सालं दिसली की त्या फळाचा. रंग तर डोळ्यांना दिसतोच.

"म्हणजे कचरा बघून वास सांगता?"

"अजून चुकलो नाही, आई." एवढं बोलताना मान मात्र खाली. "तुम्ही हे पोटात ठेवा. मला नाकोजी म्हणतात हो तिथे."

मी ते पोटात ठेवलं. पण ते आत काही स्वस्थ बसेना. माणसाला ज्या गोष्टीवरून हाक मारतात ती गोष्टच गेली, तर त्यानं ओ कशी द्यायची? मी त्याला म्हटलं, मला एकदा तुमच्याबरोबर न्या. तो म्हणाला, "आई, तिथे बिअर असते." मी म्हटलं, "तुमच्या लग्नात तुमचे मित्र होते, ते मी सोसलं. बिअरचं काय घेऊन बसलात?"

अशी मी गेले. सोबत एक नवं जोडपं होतं, एक निवृत्त मास्तर होते आणि एका ऑफिसातले सातआठ जण. जावई बोलायला लागला की ऐकत राहावंसं वाटतं, हे मला त्या दिवशी कळलं. घरी कुठे बोलतो तो! गॅरेजातल्या ब्रुअरीत त्यानं टाकीला हात लावून बघायला सांगितलं. आतलं आंबवणारं यीस्ट कामाला लागलं की टाकी कोमट लागते, तापातून उठलेल्या लेकराच्या पाठीसारखी. छापखान्यातल्या ब्रुअरीत जमिनीवर अजून शाईचे डाग आहेत, ते दाखवले. दोन्ही ठिकाणी टाक्या जुन्याच होत्या, पाटीवर त्याचे शब्द आधीच लिहिलेले. मी जरा सैल झाले.

तिसरी ब्रुअरी शिंपिणीची. ती खरंच शिवणकाम करायची. शिलाईच्या दुकानातच तिनं टाक्या बसवल्यात आणि कपडे कापायच्या लांब टेबलावर आता ग्लास मांडते. गळ्याला मफलर, डोळे लाल, आवाज बसलेला.

"या नाकोजी, तुमचीच वाट बघत होते," ती म्हणाली. "नवी टाकी आहे. उद्या सकाळी सगळी पिंपं भरून बाहेर जायचीत."

तोटी उघडली. पहिला ग्लास जावयापुढे आला, मागोमाग आमच्या हातात इवले इवले ग्लास. जावयानं डोळे मिटले. दमानं श्वास घेतला. इतका छान घेतला की क्षणभर मलाच वाटलं, आला का काय वास परत!

"संत्र्याची साल," तो म्हणाला. "आणि मागे थोडा मध."

मी माझा ग्लास नाकाशी नेला. दवाखान्यात सकाळी फरशी पुसतात ना, तो वास. संत्रं नाही, मध नाही, नुसती ओली फरशी आणि औषध. मी इकडेतिकडे पाहिलं. मास्तर ग्लासात नाक घालून म्हणाले, "वा, संत्रं! अगदी स्पष्ट." नवी नवरी नवऱ्याला म्हणाली, "मध आला का तुला?" तो म्हणाला, "आला की!" ऑफिसातल्या एकानं तोंड वाकडं केलं होतं, पण सगळ्यांच्या माना डोलताना पाहून त्यानंही डोलावली. मला बिअरमधलं काय कळतं, म्हणून मीही गप्प. आणि कळलं असतं तरी चार लोकांत जावयाचं नाक कापू कशी?

शिंपिणीनं खडू हातात घेतला. "बरं झालं बाई," ती म्हणाली, "मला पंधरवडाभर सर्दी आहे. वास नाही, चव नाही. टाकी बरी की वाईट, काही कळेना. संत्री खाऊन खाऊन तेवढी जीभ आंबली. मागचा डबा बघा, सालांनी भरलाय. तुम्ही येणार म्हणून धीर धरून होते."

ती पाटीवर लिहायला वळली. जावई तिच्या पाठीकडे बघत उभा राहिला. डबा त्यानं सकाळीच बघितला होता. सालं कुठून आली ते त्याला आता कळलं, आणि ग्लासात काय आहे ते त्याला अजूनही ठाऊक नव्हतं.

त्यानं माझ्याकडे बघितलं असतं तर मी कदाचित मान हलवली असती. पण त्यानं बघितलं नाही. हे मला पुढे कितीतरी दिवस आठवत राहिलं, की त्यानं कुणाचा आधार शोधला नाही.

"लिहू नका," तो म्हणाला.

"का? चुकलं का काही?"

"मला वास येत नाही. तापानंतर गेला तो आलाच नाही. संत्रं मी तुमच्या डब्यात पाहिलं." मग आमच्याकडे वळला. "तुम्हाला खरा कशाचा वास येतोय? माझं सोडा. ज्याला जे वाटतं ते बोला."

मास्तर घसा खाकरत बसले. ऑफिसातला तो वाकड्या तोंडाचा म्हणाला, "बँडेजचा." नवरी म्हणाली, "दात काढायला जातो तिथला." तिचा नवरा तिच्याकडे बघायला लागला, "मग मध कुठे गेला?" "तूच तर म्हणालास आला म्हणून!" दोघंतिघं हसले. मी म्हटलं, "दवाखान्याची फरशी."

शिंपीण हसली नाही. तिनं तोटी बंद केली. "रानटी यीस्ट शिरलं, टाकी नासली," एवढंच म्हणाली. मग खडू टेबलावर आपटून जावयाला म्हणाली, "मागच्या टाकीला धुराचा वास म्हणालात. तो कुठनं आणलात?"

"पोत्यावरून."

"आणि मी तो लोकांना छातीठोक सांगत होते!"

जावयानं हातातला ग्लास टेबलावर ठेवला.

पुढचं इथेच सांगून टाकते. दुसऱ्या दिवशी तो प्रत्येक ब्रुअरीत जाऊन खरं काय ते सांगून आला. पहिल्या ग्लासाची रीत मोडली. नाकोजी हे नावही हळूहळू सुटलं; आता त्याला गाईड म्हणतात, नुसतं गाईड. फेरी अजून नेतो. पण आता लोकांना विचारतो, कसला वास येतोय, आणि ते सांगतात तेव्हा इतकं कान देऊन ऐकतो की लोकांना काहीबाही आठवायला लागतं, आजोळची कपाटं, शाळेचे डबे. फेरी चांगली होते असं म्हणतात. तो मात्र घरी येऊन बूट काढताना कधीकधी बराच वेळ एकच बूट हातात धरून बसतो. लेकीला सगळं कळलं तेव्हा ती आधी चिडली आणि मग खूप रडली. साबणाची गोष्ट तिला आठवली असणार. मी विचारलं नाही.

तर त्या दिवशी फेरी तिथेच संपली. मंडळी पांगली. टाकी रिकामी करायची होती, सगळी मोरीत ओतायची. जावई कोट काढून बाह्या सरसावत म्हणाला, "पाइप कुठे आहे?" शिंपिणीनं बोटानं दाखवला. वरची बिअर वाहून जात होती तोवर ठीक होतं. मग तळाचा गाळ निघाला, आणि असा काही वास सुटला की शिंपिणीचा मदतनीस तोंडावर फडकं धरून रस्त्यावर पळाला, मीही पदर नाकाला लावून दाराबाहेर जाऊन उभी राहिले. आत ती दोघंच. एकाला वास नाही आणि दुसरीला सर्दी. गुडघाभर फेसात उभी राहून एक पाइप धरतोय, दुसरी ब्रशनं घासतेय, जशी काही बागेत पाणी घालताहेत.

मग शिंपिणीचा बसलेला आवाज आला, "जरा खाली धरा, कोपऱ्यात." आणि थोड्या वेळानं, "सांगायला काय झालं होतं हो तुम्हाला?"

"भीती वाटली."

"मलाही वाटते. रोज. टाकी उघडताना."

पाणी बंद झालं. "गेला का वास?" तिनं विचारलं.

"मला विचारताय?" जावई म्हणाला.

मग ती हसली. आधी खोकली, मग हसली, आणि जावईही हसला. दोघांनी दाराकडे बघून मला हाक मारली, "आई, जरा आत येऊन सांगा, गेला का?"

मी पदर खाली केला, उंबऱ्यावर उभी राहून वास घेतला. खोटं सांगायचं मनात आलं, दोघं दमली होती.

"नाही गेला अजून," मी म्हटलं.

जावयानं परत पाणी सोडलं.