विहीणबाईंच्या देशात आमचा आकाशकंदील

लेक ज्या घरात जाणार ते घर आधी डोळ्यांनी बघून यावं, ही आमच्याकडची जुनी रीत. माझ्या आईबाबांना त्यासाठी मिरजेहून सांगलीला जावं लागलं होतं. मला न्यूझीलंडमधल्या हॅमिल्टनहून कोस्टारिकाला जावं लागलं.

सई आमची एकुलती एक. जमिनीखालच्या वाफेवर वीज तयार करतात, त्या कामातली इंजिनिअर. ऑकलंडला शिकताना तिला आंद्रेस भेटला, तोही त्याच विषयातला, मूळचा कोस्टारिकाचा. दोघांच्याही देशांत ज्वालामुखी उदंड, त्यामुळे बोलायला विषय कधी कमी पडला नसावा. तो मागच्या वर्षी मायदेशी परत गेला आणि या जुलैत एका थंड संध्याकाळी पिठलं-भात खाताना सईने सांगितलं, की ती दोघं लग्न करणार आहेत आणि "मेबी तिकडेच राहू."

त्या "मेबी"ने माझी झोप उडवली. ती कामासाठी टाऊपोला राहायला गेली तेव्हाही मला ते लांब वाटलं होतं, आणि ते जेमतेम दोन तासांवर आहे. मी तोंडाने शहाण्यासारखं म्हणाले, "माणसं बघते, देश बघते, मग माझं उत्तर देते." मनात मात्र बेत पक्का होता. जायचं, गोड बोलायचं, चार खोटी काढायच्या आणि पोरीला इकडेच राहायला राजी करायचं.

खोटी काढायच्या तर अभ्यास हवा. मी हॅमिल्टनच्या 'ते रापा' भागातल्या दुधाच्या कारखान्यात प्रयोगशाळेत काम करते. तिथल्या जेवणाच्या सुट्टीत मी अख्खा देश पाठ केला. नवरा म्हणाला, "व्याह्यांकडे चाललोय, एमपीएससीला नाही." विनयला शाळेपासून पाठांतराचं वावडं आहे, त्यामुळे मी लक्ष दिलं नाही.

तुम्हाला जायचं असेल तर माझ्या घोकंपट्टीचा फायदा घ्या. नावाचा अर्थ 'श्रीमंत किनारा', पण स्पॅनिश लोक आले तेव्हा त्यांना फारसं सोनं मिळालं नाही, आणि त्यांनी या कोपऱ्याकडे जवळजवळ दुर्लक्षच केलं. १८२१ साली मध्य अमेरिकेचं स्वातंत्र्य जाहीर झालं ते तिकडे ग्वाटेमालात. ती बातमी खेचरांच्या डाकेने डोंगर उतरत-चढत कोस्टारिकात पोचायला सुमारे महिना लागला. म्हणजे महिनाभर ही मंडळी स्वतंत्र होती आणि त्यांना पत्ताच नव्हता! हे वाचून मी कँटीनमध्ये एकटीच इतकी हसले, की शेजारची सहकारी डबा घेऊन दुसऱ्या टेबलावर गेली.

पुढे १९४८ मध्ये छोटंसं यादवी युद्ध झालं आणि त्यानंतर त्यांनी सैन्यच बरखास्त केलं. दर चार वर्षांनी राष्ट्राध्यक्ष निवडतात, त्याला लागोपाठ दुसऱ्यांदा उभं राहता येत नाही. संसदेला एकच सभागृह, सत्तावन्न सदस्यांचं. सभागृह आमच्याकडेही एकच, पण आमचा राजा पृथ्वीच्या पार दुसऱ्या टोकाला, लंडनला राहतो. या बाबतीत कोस्टारिका पुढे आहे, हे मला नाइलाजाने मान्य करावं लागलं. खोटी काढायची सुरुवात काही बरी झाली नाही.

आणि मग एक गोष्ट वाचली आणि मी उडालेच. स्वातंत्र्यदिन पंधरा सप्टेंबरचा. चौदा तारखेच्या संध्याकाळी सहाला सगळा देश थांबून राष्ट्रगीत म्हणतो आणि पोरंटोरं हातात कंदील घेऊन मिरवणूक काढतात. कंदील! आता कंदील म्हटल्यावर कुठली मराठी बाई गप्प बसेल? मी ठरवलं, असा आकाशकंदील न्यायचा की विहीणबाईंनी बघतच राहावं. पतंगाचा कागद भारतीय दुकानातून आणला, झिरमिळ्या कापल्या, सगळं घडी करून बॅगेत भरलं. बांबूच्या काड्या कस्टम्सवाल्यांच्या भीतीने मागे ठेवल्या. सई म्हणाली, "आई, इट्स हीप्स बिग." मी म्हटलं, मोठाच असतो.

सई चार दिवस आधीच आंद्रेसकडे गेली होती. बारा तारखेला मी आणि विनय ऑकलंडहून निघालो, ह्यूस्टनला विमान बदललं आणि सान होसेला, त्यांच्या राजधानीत, उतरलो तेव्हाही बाराच तारीख होती. न्यूझीलंडचा पासपोर्ट असेल तर कोस्टारिकाचा व्हिसा लागत नाही, पण अमेरिकेतून जाताना तिथली परवानगी आधी ऑनलाइन काढावी लागते, ती विसरू नका. भाड्याची गाडी नेटवर स्वस्त दिसते आणि काउंटरवर सक्तीचा विमा जोडून दुप्पट होते. विनयचा चेहरा बघण्यासारखा झाला होता. त्यात गाडी रस्त्याच्या उजव्या बाजूने चालवायची. पहिला अख्खा दिवस तो वळताना सिग्नलऐवजी वायपर लावत होता.

सप्टेंबर हा तिकडचा पावसाळा. सकाळी लख्ख ऊन, दुपारनंतर धो धो, त्यामुळे हॉटेलं स्वस्त. हिंडायचं ते सकाळी. छोट्या खाणावळीला 'सोदा' म्हणतात, तिथे 'कासादो' मागवायचा: भात, काळा घेवडा, कोशिंबीर, तळलेलं पिकलं केळं. मांस नको म्हटलं की कोणी तोंड वाकडं करत नाही. नाश्त्याला 'गायो पिंतो', म्हणजे काल उरलेला भात नि घेवडा परतून. म्हणजे आपला फोडणीचा भातच की! मी दोनदा घेतला. खोट काढायची राहून गेली.

तेराला आम्ही राष्ट्रीय संग्रहालय बघितलं. पूर्वी ही सैन्याची बराक होती. बाहेरच्या भिंतींवर गोळ्यांच्या खुणा अजून आहेत, आणि आत शिरताच काय, तर फुलपाखरांची बाग. मी त्या भिंतीला हात लावून उभी राहिले आणि मला एकदम भरून आलं. बराकीत फुलपाखरं ठेवणाऱ्या लोकांच्यात पोरगी नांदणार असेल तर तक्रार तरी काय करायची? विनय म्हणाला, "झालं, परीक्षार्थी फितूर झाली."

राष्ट्रीय पक्ष्याने तर कहर केला. या देशात भल्यामोठ्या चोचीचे टूकन आहेत, लालभडक मोठे पोपट आहेत, आणि यांनी निवडला कोण? यिगुइरो, साळुंकीएवढा, मातकट, साधासुधा. कारण तो गाऊन पावसाला बोलावतो, आपल्या पावशासारखा. हॉटेलच्या तारेवर तो बसलेला दिसताच मी ओरडले, आणि कॉफी आणणारा माणूस घाबरून म्हणाला, की तो रोजच तिथे बसतो. न्यूझीलंडमध्ये मी इतकी वर्षं काढली, पण मोकळ्यावर एक किवी काही मला दिसला नाही.

चौदाला सकाळी आंद्रेसच्या गावी, सार्चीला निघालो. हे गाव रंगवलेल्या बैलगाड्यांसाठी प्रसिद्ध, आणि बैलगाडी हे त्यांचं राष्ट्रीय श्रमचिन्ह. कॉफीची पोती यांवरूनच डोंगरातून बंदराकडे जात. चाकांवरची नक्षी बघून रांगोळीच्या पुस्तकाची आठवण होते. सुपरमार्केटातून मी कबाबच्या लांब काड्या घेतल्या आणि गाडीतच कंदील उभा केला. तो मागच्या सीटवर मावेना. शेवटी मी तो मांडीवर घेऊन बसले आणि विनयला उजवीकडचं काही दिसेनासं झालं.

आंद्रेसच्या आईने पाठवलेला पत्ता असा होता: चर्चपासून तीनशे मीटर वर, जिथे पूर्वी कॉफी वाळवायचं अंगण होतं तिथून उजवीकडे, हिरवं फाटक. या देशात पत्ते असेच देतात. विनय वैतागला, की पूर्वी काय होतं ते आम्हाला कसं कळणार. मला मात्र माहेरी आल्यासारखं वाटलं. आमच्या मिरजेतही बंद पडून जमाना झालेल्या दुकानापासूनच सगळे डावीकडे वळतात. मी एका सोदात उतरून "पूर्वीचं अंगण" म्हणून हातवारे केले आणि तीन माणसं फाटकापर्यंत सोडायला आली.

फाटकात विहीणबाई उभ्या होत्या. दोन्या मार्ता ('दोन्या' म्हणजे आपलं 'बाई'), माझ्याच वयाच्या, माझ्याहून बुटक्या. मी पाठ केलेलं स्पॅनिश वाक्य काढणार, तेवढ्यात त्या खणखणीत आवाजात आमच्याकडचा माओरी नमस्कार म्हणाल्या, "किया ओरा!" आणि मग सुरूच झाल्या. आंद्रेस भाषांतर करता करता दमला. तुमच्याकडे दर तीन वर्षांनी निवडणूक, मग सरकार काम करतं कधी? राजा येतो कधी? फर्न हे तुमचं चिन्ह, मग ते झेंड्यावर का नाही? जेवायला बसल्यावर त्यांनी विनयला 'हाका', म्हणजे माओरींचा पाय आपटत करायचा युद्धनाच, करून दाखवायला सांगितला. विनय आयुष्यात गणपतीच्या मिरवणुकीतही नाचलेला नाही.

मी चाट पडले. ही बाई माझ्यासारखाच अभ्यास करून बसली होती. मीही मग त्यांच्या राजचिन्हातले तीन ज्वालामुखी, दोन महासागर आणि सात प्रांतांचे सात तारे घडाघडा म्हणून दाखवले. आम्ही दोघी एकमेकींची तोंडी परीक्षा घेत होतो आणि पुरुष मंडळी मुकाट्याने केळी खात होती.

मग मी कंदील आत आणला. सगळे मान वर करून त्याच्याकडे बघायला लागले. तेव्हा मला कळलं, की त्यांचे कंदील पोरांच्या हातात मावतील एवढे असतात, खोक्यांचे, घरांच्या नि बैलगाड्यांच्या आकाराचे. माझं धूड तर गॅलरीत टांगायचं! सगळा देश पाठ केला आणि कंदिलाचं माप तेवढं राहून गेलं. पण दोन्या मार्तांनी टाळीच वाजवली. आंद्रेसने तो झाडूच्या दांड्याला बांधला, त्याच्या वडिलांनी आत मोबाइलची बॅटरी लावली, आणि पाऊस भुरभुरत होता म्हणून विहीणबाईंनी वरून पारदर्शक प्लास्टिक गुंडाळलं.

सहा वाजता चर्चच्या चौकात सगळं थांबलं. गाड्या थांबल्या, सोदातली माणसं बाहेर आली आणि गाव राष्ट्रगीत म्हणू लागलं. मग शेकडो इवले कंदील हलले, आणि त्यांच्या डोक्यावरून आमचा आकाशकंदील, झिरमिळ्या फडफडवत. पोरं त्याच्याखाली शिरायला धडपडत होती. दांडा एकदा विनयच्या हातात, एकदा व्याह्यांच्या. मी इतकी खूश होते की न येणारी गाणी म्हणत होते.

दोन्या मार्ता माझ्या शेजारून चालत होत्या. त्यांच्या हातात पुठ्ठ्याची जुनी बैलगाडी होती, आंद्रेसने शाळेत केलेली, आत दिवा लावलेला. चालता चालता त्या सईला हळूच काहीतरी म्हणाल्या. सई थबकली. ती नेहमी माझ्याशी निम्मं इंग्रजीत बोलते, पण हे तिने सावकाश, अख्ख्या मराठीत सांगितलं.

"त्या म्हणतायत, तुझ्या आईला विचार, ती माझ्या मुलाला कायमचं न्यायला आलीय का?"

माझे पायच थांबले. मी जे मनात घेऊन अर्धी पृथ्वी ओलांडून आले होते, तेच ही बाई उलट्या बाजूने घेऊन बसली होती. म्हणून ती सगळी पाठांतरं. मी म्हटलं, "त्यांना सांग, मीही हेच विचारायला आले होते. तुझ्याबद्दल."

सईने ते सांगितलंच नाही. ती आंद्रेसकडे बघत राहिली, आणि मग खाली बघून म्हणाली, "आई, मी इथल्या एका प्रकल्पात नोकरी घेतलीय. सही केली. ऑगस्टमध्येच. जानेवारीला जॉइन व्हायचंय."

ऑगस्टमध्ये! म्हणजे मी तिकडे हॅमिल्टनमध्ये झिरमिळ्या कापत होते तेव्हाच सगळं ठरलं होतं. मला राग आला, रडू आलं, आणि दोन्ही गर्दीत आलं. "मग माझं उत्तर कशाला हवं होतं?"

"हवंच आहे," सई म्हणाली. "सही केल्यावर पण हवं असतं."

आंद्रेसने आईला तिच्या भाषेत सगळं सांगितलं. तिचा मुलगा तिच्याकडेच राहणार होता. तिने आनंदाने नाचायला हरकत नव्हती. पण ती नाचली नाही. तिने माझ्याकडे बघितलं, हातातली पुठ्ठ्याची बैलगाडी माझ्या हातात दिली, माझी बोटं तिच्या दांडीवर नीट बसवली आणि माझा दुसरा हात धरून चालायला लागली. तशीच आम्ही चौकाला वळसा घातला. मग मी सईला म्हटलं, "हो. माझं उत्तर हो आहे. घरी फोन रोज." त्यावर ती लहानपणी रडायची तशी भोकाड पसरून रडली, आणि विनय झाडू सोडून धावत आला.

उरलेले दोन दिवस सणाचे होते, ढोल, परेड आणि रोज गायो पिंतो. आकाशकंदील तिथेच राहिला. येताना ऑकलंडच्या विमानतळावर मी पुठ्ठ्याची गाडी जाहीर केली, कारण तिची चाकं लाकडाची. तपासनीस बाईने ती उलटसुलट करून विचारलं, हे काय आहे? मी बैलगाडी, कॉफी, खेचरं, बरखास्त सैन्य सगळं सांगितलं. मागे रांग वाढत होती. ती शेवटी म्हणाली, "स्वीट अ‍ॅज," म्हणजे आपलं 'झकास', आणि गाडी परत दिली.

दिवाळीला आमच्या दारात या वर्षी बैलगाडी लागली. शेजारच्या आजोबांनी थांबून चौकशी केली, म्हणजे त्यांनाही तासभर सगळं ऐकावं लागलं. त्याच दिवशी विहीणबाईंनी फोटो पाठवला. त्यांच्या ओसरीत आमचा कंदील, झिरमिळ्या जरा विटलेल्या, आणि खाली त्या स्वतः ताठ उभ्या.

या देशात जा. सकाळी हिंडा, उजवीकडून चालवा, पत्ता विचारताना पूर्वी तिथे काय होतं ते विचारा. मी ज्या खोटी काढायला गेले होते त्यातली एकही सापडली नाही, आणि सापडली असती तरी उपयोग नव्हता.

काल सईला विमानात बसवून आलो. हॅमिल्टनपर्यंत मी खिडकीबाहेरच बघत होते. घराच्या वळणावर विनयने विचारलं, "बरी आहेस ना?"

"आहे," मी म्हटलं. "आमच्या खेचराला जरा उशीर झाला, पण बातमी पोचली."