चांगुणामावशींच्या तोंडचं वाक्य

चांगुणामावशी परग्रहावरच्या पाहुण्यांचे चित्रपट उभ्यानं बघायच्या. पदर कमरेला खोचलेला, एक हात दाराच्या चौकटीवर, आणि नजर अशी की रस्त्यातलं भांडण बघून थांबल्यात आणि आता मध्ये पडल्याशिवाय काही राहत नाहीत. बसा म्हटलं तर म्हणायच्या, "बसून कसं बगू? तितं त्या पोराला मारत्यात." ते पोर म्हणजे हिरव्या कातडीचं, तीन बोटांचं, आभाळातून पडलेलं कुणीतरी असे.

चांदे गावात त्यांच्या घराला लागून भाड्याच्या खोल्या आहेत. नांद्याकडच्या आणि हिंजवडीकडच्या कंपन्यांत जाणारी विदर्भ-मराठवाड्याची मुलं तिथं राहतात. मीही तिथलाच एक भाडेकरू, फक्त वयानं त्यांच्या दुप्पट. मूळचा जालन्याकडचा. परदेशी चित्रपटांचे मराठी संवाद लिहिणं हा माझा धंदा. पडद्यावरच्या माणसाचे ओठ जसे हलतात तशी वाक्यं बसवायची. ओठ मिटले की तिथं प, ब किंवा म यायला हवा, तोंड उघडलं की आ-कार. अर्थ नंतर, ओठ आधी. मावशी मला रायटर म्हणायच्या. पोलीस चौकीतल्या कारकुनाला म्हणतात तसं.

रविवारी दुपारी त्यांच्या पडवीत टीव्ही लागायचा आणि मी लिहिलेलाच एखादा चित्रपट लागला की मुलं मला बोलावून आणत. मावशींचा राग पहिल्या पाच मिनिटांत सुरू व्हायचा. यान उतरलं, दार उघडलं, की समोर सैन्य. मावशी म्हणायच्या, "येवढ्या लांबनं आलाय बिचारा आन् ह्यो बंदूक दाखवतोय. कुटनं आलास, जेवलास का, इचारलं का कुनी?" शास्त्रज्ञ पाहुण्याला टेबलावर झोपवायला लागला की त्या माझ्याकडे वळत. "रायटर, पाव्हन्याला कापून बगत्यात व्हय तुमच्यात?"

मुलं मुद्दाम खोडी काढायची. अकोल्याचा एक जण म्हणाला, "मावशी, असा एखादा दारात आला तर रूम द्याल का त्याला?"

"दीन की. डोळं तीन आसलं तर तीन मानसांचं भाडं घीन."

"आणि तो वाईट निघाला तर?"

"वाईट हाय का चांगला, ते जेवू घातल्यावर कळतं. आदी कसं कळल? आदी पानी, मग पंचायत."

त्या काही गरीब गाय नव्हत्या. सकाळी आठला पाण्याची मोटर बंद म्हणजे बंद, मग अंगाला साबण लागलेला असो. चपला ओळीत नसल्या तर अंगणात भिरकावत. पण दारात आलेल्या माणसाला, मग तो मीटरवाला असो की रस्ता चुकलेला डिलिव्हरीवाला, तांब्याभर पाणी आणि गुळाचा खडा दिल्याशिवाय त्याचं काम विचारायचं नाही, हा नियम त्यांनी कधी मोडला नाही. एकदा बोलता बोलता त्यांनी सांगितलं की त्यांच्या खाचरातून रस्ता गेला, त्याआधी मोजणीवाले दुर्बीण घेऊन आले होते आणि त्यांनाही मावशींनी पाणी दिलं होतं. मी विचारलं, "मग वाईट नाही वाटत, पाणी दिल्याचं?" त्या म्हणाल्या, "पानी दिलं ते माजं. रस्ता नेला ते त्यांचं. माजं मला, त्यांचं त्यांना."

पुढं एका छोट्या कंपनीनं मराठीत असा चित्रपट काढायचं ठरवलं आणि संवाद मला दिले. गोष्ट दुसऱ्याची होती. यान मुळशीतल्या एका भातखाचरात उतरतं, अडाणी गावकरी कोयते-काठ्या घेऊन धावतात, परग्रहवाल्याला दगडांनी ठेचतात, आणि शहरातून आलेली शास्त्रज्ञ मुलगी त्याला वाचवते. मी ती वाचली आणि मान डोलावली. अशा कितीतरी गोष्टी मी आधी मराठीत आणल्या होत्या. गाव कुठलंही असो, त्यातला गावकरी भित्रा, क्रूर आणि बावळट असतो आणि विश्वाशी बोलायचा परवाना शहरातल्या चष्म्याला असतो. इतकी वर्षं पडवीत बसून मावशींचं ऐकत होतो, तरी मला हे खटकलं नाही. उलट मीच कंपनीला म्हणालो की आमच्या गावात करा, खाचर बघून ठेवलंय, माणसंही मिळतील. खाचर मावशींचं होतं, रस्त्यात जाऊन उरलेलं.

शिमगा होऊन गेला होता, खाचरं कोरडी पडली होती. मध्ये पत्र्याचं यान उभं केलं. परग्रहवाला झालेला नट परभणीकडचा, तिशीतला, काटकुळा माणूस. त्याला डोक्यापासून पायापर्यंत रबरात घातलं होतं. गावातली माणसं हौसेनं आली होती. थर्माकोलचे रंगवलेले दगड वाटले गेले. पहिला दगड मावशींनी मारायचा, असं दिग्दर्शकानं ठरवलं, कारण त्यांचा चेहरा त्याला फार आवडला होता.

मावशींनी दगड हातात घेतला, उलटासुलटा केला आणि परत दिला. "मी न्हाई मारायची."

दिग्दर्शक हसत म्हणाला, "मावशी, खोटा आहे हो दगड. लागणार नाही त्याला."

"दगड खोटा हाय. हात तर माजाच हाय ना?"

"अहो, गोष्टच तशी आहे. गावकरी घाबरतात."

"कंच्या गावचं? ह्या गावचं नाव लावनार ना तुमी? हितं पाव्हन्याला दगुड मारल्याला कुनी बगितलाय का, इचारा." मग माझ्याकडे बोट करून, "ह्या रायटरला इचारा. आला तवा ह्याला काय मारलं का आमी?"

सगळे हसले. मीही हसलो. त्यांना समजवायला मलाच पुढं केलं, तेवढ्यात यानाजवळ धप्प आवाज झाला. उन्हात उभा राहून राहून तो परभणीचा नट गुडघ्यावर बसला होता. कोणाला काही सुचायच्या आत मावशी बांधावरचा तांब्या उचलून त्याच्याकडे निघाल्या. दिग्दर्शकावरचा सगळा राग चेहऱ्यावर तसाच होता. त्या रबरी डोक्यापुढे वाकून त्या करड्या आवाजात म्हणाल्या, "पानी घे, बाळा." कॅमेरावाल्यानं यंत्र बंद केलं नव्हतं.

त्यांनी दगड मारलाच नाही. ते काम दुसऱ्या एकीनं केलं. संध्याकाळी मावशी समाधानानं म्हणाल्या, "मी पानी देताना दिसंन ना रं पिक्चरमधी?" त्या तेव्हा मला अरे-तुरे करायच्या. मी म्हणालो, "दिसाल की."

संकलनाच्या खोलीत ते दृश्य लावलं तेव्हा सगळे खुर्च्या पुढं ओढून बसले. काय तो चेहरा. तांब्या कॅमेऱ्याच्या चौकटीच्या खाली राहिला होता. दिसत होते फक्त संतापलेले डोळे, आवळलेला जबडा आणि हलणारे ओठ. दिग्दर्शक म्हणाला, "हा क्लोजअप जमावाच्या आधी टाकायचा. पण बाई पाणी घे म्हणतेय. काहीतरी बसव."

मी बसवलं. पा-नी-घे-बा-ळा. मा-रा-रे-मा-रा. पहिल्या अक्षराला ओठ मिटतात, चौथ्याला मिटतात, मधल्या एकाराला फाकतात. नाटकातल्या एका बाईंनी आवाज दिला आणि तो इतका बिनचूक बसला की कोणीतरी टाळी वाजवली. मला आनंद झाला होता. हे मी कितीदा स्वतःशी बोललोय, तरी त्याची बोच कमी होत नाही. कुणी माझ्यावर बळजबरी केली असती तर निदान त्याच्यावर चिडता आलं असतं. मी आनंदानं केलं, आणि घरी येऊन मावशींना सांगितलं नाही.

गावच्या जत्रेत देवळापुढं पडदा बांधून तो चित्रपट लावला. आपल्या गावाचा पिक्चर म्हणून माणूस मावत नव्हता. ओळखीचा चेहरा दिसला की शिट्ट्या. मी मागं बसलो होतो. मावशींचा चेहरा पडदाभर आला आणि परक्या बाईच्या आवाजात ओरडला, "मारा रे, मारा." देवळापुढं एकच हशा आणि टाळ्या. कुणीतरी म्हणालं, "मावशीनं लई भारी डायलाग मारला."

मावशी उठल्या. देणगीदारांची नावं पुकारायचा माइक कमिटीच्या टेबलावर होता, तो त्यांनी उचलला आणि लॅपटॉपवाल्याला म्हणाल्या, "माजं त्वांड परत लाव. आन् आवाज बंद कर." त्याला वाटलं हौस आहे. त्यानं लावलं. पडद्यावरचे ओठ हलले आणि माइकवर मावशींनी स्वतःचं वाक्य म्हटलं, "पानी घे, बाळा." तंतोतंत बसलं. बसणारच होतं.

हसणं थांबलं. पुढच्या रांगेतल्या एका म्हाताऱ्यानं विचारलं, "मग मारा कोन म्हनलं?"

"लिवनारा हितंच बसलाय. इचारा त्याला."

सगळ्या माना वळल्या. मी उभा राहिलो आणि म्हणालो की मावशी सांगतात तेच खरं, ते वाक्य मी घातलं. कुणी शिवी दिली नाही. तो म्हातारा एवढंच म्हणाला, "भाऊ, गावात ऱ्हातोस ना आमच्या?"

दुसऱ्या दिवशी सकाळी मावशी पाण्याच्या टाकीजवळ भेटल्या. "रस्ता नेला त्याचं मला काय न्हाई वाटलं, रायटर. रस्ता काय, जमिनीवरनं गेला. तुमी माज्या तोंडात हात घातला." तुमी. त्या दिवसापासून मला कधी तू म्हणाल्या नाहीत. मी खोली सोडतो म्हणालो. "सोडा म्हननार न्हाई मी. दारात आल्याला मानूस मी कवा घालवला न्हाई. पर ते वाक्य बदलून आना."

मी कंपनीत गेलो. चित्रपट एका वाहिनीला विकून झाला होता, आता आमच्या हातात नाही, असं तिथल्या माणसानं सांगितलं. मी म्हटलं, एकच वाक्य आहे, आवाज मी माझ्या खर्चानं भरून देतो. तो हसला. "सर, एका म्हातारीच्या वाक्यानं काय फरक पडतो? सीन काम करतोय ना?" मला तिथं जेवढा संताप आला तेवढा आयुष्यात आला नसेल, आणि तो माणूस माझीच भाषा बोलत होता. वाहिनीलाही कळवलं. उत्तर आलं नाही. दुसऱ्या ग्रहावरच्यांना दोन तासांत मराठी शिकवणारी ही माणसं. त्यांना चांद्यातल्या एका बाईचं मराठी जसंच्या तसं ठेवता येत नाही.

मावशी दर महिन्याला विचारायच्या, "बदललं का?" मी नाही म्हणायचो. त्या मान हलवून कामाला लागायच्या. रविवारी टीव्ही लावणं त्यांनी बंद केलं. मुलांनी आग्रह केला तेव्हा म्हणाल्या, "त्या हिरव्या पोराच्या तोंडातबी कुनी काय घातलं आसंल, कुनाला ठावं. त्यो बिचारा येगळंच म्हनत आसंल." हे ऐकल्यापासून मला कुठल्याही परग्रहवाल्याचे संवाद लिहिताना हात थांबवावा लागतो. आता एवढं करतो. पडद्यावर खरा माणूस असला, तर तो मुळात काय बोलला होता हे विचारल्याशिवाय लिहीत नाही. त्यामुळे कामं कमी येतात.

गेल्या हिवाळ्यात मावशी गेल्या. आजार फार लांबला नाही. शेवटच्या आठवड्यात भेटायला गेलो तेव्हाही तेच विचारलं, आणि मी तेच उत्तर दिलं. त्यांनी डोळे मिटले. ते थकून की माझा कंटाळा येऊन, मला सांगता येणार नाही. माफ केलं, असं मी इथं लिहिणार नाही. त्यांनी केलं नव्हतं, आणि त्यांच्या तोंडी आणखी एक वाक्य घालायची माझी हिंमत नाही.

दहाव्याला पाहुणे जमले होते. मावशींच्या नातीच्या मांडीवर तिची लहान मुलगी मोबाइलवर तोच चित्रपट बघत होती. मावशींनी कधी कुणाला व्हिडिओ काढू दिला नाही, त्यामुळे त्यांचं हलतंबोलतं असं घरात एवढंच आहे, तो पडदाभर चेहरा. पोरगी तो पुन्हा पुन्हा लावत होती आणि हसून म्हणत होती, "मारा रे, मारा. पणजी म्हनती, मारा रे, मारा."

मावशींचा मुलगा बबन उठला. त्यानं मोबाइल घेतला, आवाज बंद केला आणि परत पोरीच्या हातात दिला. "पणजीचं आसंच बगायचं, बाय. आवाज न ठेवता." मग माझ्याकडे वळला. मी म्हणालो, अजून प्रयत्न करतोय, सोडलेला नाही.

"करा की," बबन म्हणाला. "तवर आमी आवाज बंद ठिवतो."