ताईला पटलं की फाडायचं

माझ्या धाकट्या भावाला शेजारीपाजारी ‘नाहीबुवा’ म्हणायचे. कुणी काहीही बोलो, याचं पहिलं उत्तर तेच. सगळे नव्या धरणाचं कौतुक करत होते, तेव्हा हा धरणावर तुटून पडला. सगळे शिव्या घालायला लागले, तर हा पठ्ठ्या धरणाच्या बाजूने उभा! आणि हे सगळं इंग्रजीत लिहून. मासिकात लेख आला की वाचकांची चिडकी पत्रं यायची आणि याला दोन घास जास्त जायचे.

मला इंग्रजीचा गंध नाही. शिवणाच्या कारखान्यात तीस वर्षं कापड बेतत होते मी. पण त्याचा प्रत्येक लेख सर्वांत आधी मीच ऐकायची. रविवारी दुपारी माझ्या मशीनपाशी स्टूल ओढून बसायचा आणि पानं बघत बघत मराठीत सांगायचा. मी म्हटलं, “काहीतरीच! नाही पटलं,” की स्वारी खूश, लेख पाकिटात. “पटलं” म्हटलं, की टराटरा फाडायचा.

“तुला पटलं म्हणजे सगळ्यांना आधीच पटलेलं असतं, ताई. मग मी कशाला लिहू?”

“म्हणजे मी अडाणी होय रे?”

“नाही बुवा. तू खोटं बोलत नाहीस, म्हणून.”

अशी चाळीस वर्षं गेली. मग त्याचं हृदय अधू झालं, जिना चढणं बंद झालं. एका रविवारी चार पानं घेऊन आला. लेख स्वतःवरच होता. जन्मभर उलटं बोललो, एक माणूस बदलला नाही, सगळं फुकट गेलं, असं लिहिलं होतं.

नाही पटलं म्हणावं, तर हे छापून येणार, आणि लोक टाळ्या पिटणार. म्हणून मी मान खाली घालून म्हटलं, “पटलं.”

त्याने पानं फाडली नाहीत, पण पाकिटातही घातली नाहीत. “बरं,” म्हणाला आणि खोलीत गेला. मी सुटले म्हणून दोरा ओवायला घेतला. संध्याकाळी बघते, तर त्याने टाइपरायटर बांधून दाराशी ठेवलेला. “कुणाला हवा तर देऊन टाक,” म्हणाला.

अगं बाई! माझ्या भावाने विचारलं, माझं आयुष्य फुकट गेलं का, आणि मी हो म्हणाले होते.

मी तशीच आत गेले. “मी खोटं बोलले रे.”

“समजूत घालू नकोस, ताई.”

मग मात्र माझं डोकं फिरलं. “समजूत? माझा नवरा गेला तेव्हा सगळं घर म्हणालं, हिला आता घरात बसवा. तू एकटा म्हणालास, ‘नाही बुवा.’ कारखान्याच्या दारापर्यंत सोडायला आलास. एक माणूस बदलला नाही म्हणे! मी कोण मग, खुंटी?” आणि मला रडूच फुटलं.

डोळे त्याचेही भरले होते. मग म्हणाला, “तो टाइपरायटर आण इकडे. तुझ्यावर लिहितो.”

“माझ्यावर? माझ्यात काय आहे लिहिण्यासारखं? काहीतरीच तुझं!”

“नाही ना पटत?” तो हसला. “मग छापायलाच हवं.”